आईबाबांना कधी सांगू?

प्रश्न : मी ३८ वर्षांची, नोकरी करते, सांगलीत आईबाबांजवळ राहते. कॉलेजातला मित्र १५ वर्षांनी पुन्हा भेटला. त्याचा घटस्फोट झालाय म्हणतो. आम्हाला लग्न करायचंय, जात वेगळी आहे. घरी कधी सांगू?

उत्तर : आधी एक कागद स्वतःच्या डोळ्यांनी पाहा, कोर्टाच्या हुकूमनाम्याची, म्हणजे घटस्फोट मंजूर केल्याच्या आदेशाची, प्रमाणित प्रत. परस्परसंमतीचा अर्ज दाखल झाला की बरेच जण ‘झालाच’ म्हणतात. पण त्यानंतर साधारण सहा महिन्यांनी पुन्हा कोर्टापुढे जावं लागतं, आणि हुकूमनामा होईपर्यंत माणूस विवाहितच असतो. अपिलाची मुदत संपली का, हे वकिलाला विचारा. प्रत मागताना संकोच वाटेल, तरी मागाच.

विशेष विवाह कायद्याने (१९५४), म्हणजे नोंदणी पद्धतीने, लग्न करायचं तर ३० दिवसांची नोटीस विवाह नोंदणी कार्यालयात लागते. ती कुणा ओळखीच्याने वाचून बाबांना सांगितली, तर जातीपेक्षा लपवल्याचाच राग मोठा होईल. म्हणून नोटीस देण्याआधी सांगा, दोघांना एकत्र, जेवणं उरकल्यावर, घरात पाहुणे नसताना. आईच्या ‘आमचं कोण बघणार?’ला उत्तर तयार ठेवा: राहणार कुठे, दवाखान्याला कोण नेणार, महिन्याला किती पैसे देणार. बाबा गप्प झाले, तर त्यांना चार-आठ दिवस द्या. या लग्नाला लागणारे तीन साक्षीदार मात्र आत्ताच ठरवा.