टाचेतलं रक्त, धमनीतलं रक्त: वाचकांचे प्रश्न

प्रश्न: आमची नात 34व्या आठवड्यात जन्मली, एनआयसीयूत (नवजात अतिदक्षता विभागात) आहे. चौथ्या दिवशी टाचेतून रक्त घेऊन गॅस (रक्तातल्या वायूंची तपासणी) केला, त्यात पीओटू 41 आला. मॉनिटरवर मात्र 94 दिसतात. खरं कुठलं? (एक आजी, पेडणे)

उत्तर: आजी, ऑक्सिजनपुरता मॉनिटर धरा. हे दोन आकडे एकाच गोष्टीचे नाहीतच. 94 म्हणजे हिमोग्लोबिन किती टक्के ऑक्सिजनने भरलंय ते. 41 हा रक्तातल्या ऑक्सिजनचा दाब, मिलिमीटर पाऱ्यात. टाचेच्या केशवाहिन्यांतलं रक्त वाटेत ऊतींना ऑक्सिजन देत आलेलं असतं, त्यात शिरेकडचं रक्तही मिसळतं. त्यामुळे हा दाब धमनीपेक्षा कमी येतो, आणि किती कमी याचा नेम नसतो. शिवाय नवजात बाळाचं हिमोग्लोबिन बहुतांशी गर्भातलंच असतं. ते ऑक्सिजन घट्ट धरून ठेवतं, म्हणून कमी दाबातही भरलेलं राहतं. टाचेच्या गॅसमधून विश्वासाने घ्यायचं ते पीएच आणि कार्बन डायऑक्साइड. बाळाचा श्वास पुरतोय का, हे त्यावरून कळतं. डॉक्टरांना विचारायचं असेल तर पीसीओटू (कार्बन डायऑक्साइडचा दाब) किती आला ते विचारा.

प्रश्न: फोंड्याजवळच्या इस्पितळात मी नवजात विभागात काम करते. टाचेचा नमुना मशीनमध्ये लावला की अनेकदा 'क्लॉट' (गुठळी) दाखवतं. परवा पोटॅशियम 7 आलं, पुन्हा शिरेतून पाठवलं तर नॉर्मल. कुठे चुकतं? (एक नर्स)

उत्तर: सिस्टर, आधी बाळाचं पाऊल हातात घेऊन बघा. एसीखाली ते गार असेल तर पुढचं सगळं बिघडतं: रक्त हळू येतं, मग आपण टाच दाबतो, दाबल्यावर तांबड्या पेशी फुटतात आणि त्यांच्यातलं पोटॅशियम नमुन्यात उतरतं. तुमचं 7 बहुधा असंच आलं असेल. असा आकडा आला की ईसीजी बघायचा आणि लगेच शिरेतून खात्री करायची, हे तुम्ही केलंत ते योग्यच.

टाच 5 मिनिटं शेकावी, कापड 40 अंशांच्या वर नको. मायक्रोवेव्हमध्ये तापवलेलं कापड तर कधीच नको, ते एका जागी चटका देतं. अंगठ्याच्या मध्यापासून मागे एक रेघ कल्पा, चौथ्या आणि पाचव्या बोटाच्या फटीतून दुसरी. टोचायचं ते या रेघांच्या बाहेर, तळव्याच्या कडेला. टाचेचा मागचा गोलवा टाळा, तिथे हाड अगदी जवळ असतं. मुदतपूर्व बाळाला 0.85 मिमी खोलीचं लॅन्सेट (टाच टोचायचं छोटं पातं) पुरतं, पूर्ण दिवसांच्या बाळाला 1 मिमीचं. त्याआधी बाळाला दुपट्यात गुंडाळा आणि चालत असेल तर जिभेवर आईच्या दुधाचे दोन थेंब द्या. बाळ आकांताने रडलं की कार्बन डायऑक्साइड खाली येतो आणि आकडा खोटा पडतो.

स्पिरिट पूर्ण वाळू द्या. ओल्या कातडीवर थेंब गोल धरत नाही, पसरतो, आणि त्यातल्या पेशीही फुटतात. पहिला थेंब पुसून टाका, त्यात ऊतींतलं पाणी असतं. मग वाट पाहा. टाच खाली लोंबती ठेवली की दुसरा थेंब टपोरा होऊन उभा राहतो. हेपरिन (रक्त गोठू न देणारं औषध) लावलेल्या नळीचं टोक त्या थेंबाला आडवंच टेकवा, रक्त आपोआप आत चढतं. थेंब संपला तर नळी लगेच बाजूला घ्या, नाहीतर हवा शिरते. खोलीतल्या हवेत ऑक्सिजनचा दाब 150च्या आसपास आणि कार्बन डायऑक्साइड जवळजवळ शून्य, म्हणून एवढासा बुडबुडाही पहिला आकडा सहसा वर ओढतो आणि दुसरा खाली.

आता 'क्लॉट'. नळी भरल्यावर हेपरिन जिथे मिसळत नाही, तिथे गुठळी होते. लोखंडी तार आत टाका, दोन्ही टोकं बंद करा आणि लोहचुंबकाने तार या टोकापासून त्या टोकापर्यंत पुन्हापुन्हा फिरवा. बहुतेक जण घाईत हेच गाळतात. नमुना 10 मिनिटांत मशीनवर गेला पाहिजे. रक्तातल्या पेशी जिवंत असतात, त्या ऑक्सिजन खातात आणि आम्ल सोडतात.

एक नळी साधारण 100 मायक्रोलिटरची. एक किलोच्या बाळात सगळं मिळून 80 ते 90 मिली रक्त असतं, म्हणजे 1 मिली काढलं की एक टक्क्याहून जास्त गेलं. वाया गेलेला प्रत्येक नमुना त्यातूनच वजा होतो.

प्रश्न: टाचेवर काम भागत असेल तर धमनी टोचायचीच कशाला? (एक तरुण डॉक्टर, मडगाव)

उत्तर: बाळ शॉकमध्ये किंवा थंड पडलेलं असेल, पायाला सूज असेल, जन्माला 24 तास झाले नसतील, तर टाचेचा आकडा धरू नका. ऑक्सिजन खूप लागत असेल आणि पीओटूवरच निर्णय असेल, तरीही धमनीच. फुप्फुसांतला दाब वाढलाय अशी शंका असेल तर उजव्या मनगटातून घ्या. ते रक्त डक्टसच्या (फुप्फुसाची धमनी आणि महाधमनी यांना जोडणाऱ्या, गर्भातल्या वाहिनीच्या) आधीचं, नाळेच्या धमनीतल्या कॅथेटरचं (बारीक नळीचं) त्याच्या नंतरचं. दोन्ही ताडून बघता येतात.

मनगटाची रेडियल (अंगठ्याकडची) धमनी टोचण्याआधी अल्नरचा (करंगळीकडच्या धमनीचा) पुरवठा तपासा: दोन्ही दाबून मूठ पांढरी करा, फक्त अल्नर सोडा, तळहात पटकन लाल झाला पाहिजे. कोपराची ब्रेकियल धमनी टाळा, तिला पर्यायी पुरवठा भरवशाचा नाही. सुई 24 किंवा 25 गेजची, छिद्र वर, कोन 30 ते 45 अंश. सिरिंजमध्ये हेपरिनचं पाणी उरलं तर पीसीओटू आणि बायकार्बोनेट दोन्ही खोटे कमी येतात. सुई काढल्यावर निदान 5 मिनिटं स्वतः दाबून धरा, पट्टी बांधून निघून जाऊ नका. मग बोटांचा रंग पाहा, आणि थोड्या वेळाने पुन्हा एकदा पाहा.