घरी भरल्या शिंपल्या बेक केल्या की मांस चिवट आणि सारण कोरडं का होतं? आदल्या दिवशी भरून ठेवता येतात का?

तुम्ही लिहिलंय की मोठ्या शिंपल्या उकळत्या पाण्यात पंधरा मिनिटं शिजवल्या, पाणी ओतून दिलं, मांस पावाच्या चुऱ्यात कालवून कवचात भरलं आणि अर्धा तास ओव्हनमध्ये ठेवलं. यात ओव्हनचा काही दोष नाही. मांस पातेल्यातच जास्त शिजलं होतं आणि ज्यात सगळी चव असते, ते पाणी मोरीत गेलं.

शिंपली उघडते तेव्हा पोटात धरून ठेवलेलं खारं पाणी सोडते. ते पाणी म्हणजे या पदार्थाचा जीव. म्हणून शिंपल्या पाण्यात बुडवायच्याच नाहीत. रुंद पातेल्यात जेमतेम बोटभर पाणी उकळा, शिंपल्या एका थरात मांडा, घट्ट झाकण लावा. पाचेक मिनिटांत पहिली उघडेल. ती तेवढ्यात चिमट्याने उचला. बाकीच्या उघडेपर्यंत तिला आत ठेवलंत तर तिथेच तिचं रबर होतं. मी झाकण सारखं वर करून बघते आणि उघडेल तशी एकेक काढते. दहा मिनिटांनीही मिटलेलीच राहिली, ती टाकून द्या.

पाणी थोडं निवू द्या, गाळ तळाशी बसू द्या आणि वरचं पाणी मलमलच्या दुहेरी कापडातून गाळून घ्या. शेवटचे दोन चमचे पातेल्यातच सोडा, वाळू तिथेच असते.

वाळूचं मात्र त्याआधीच बघायला हवं. लिटरभर पाण्याला ३५ ग्रॅम मीठ, म्हणजे सपाट दोन मोठे चमचे, हा साधारण समुद्राचा खारटपणा. अशा गार पाण्यात शिंपल्या दोन-तीन तास ठेवल्या की नळ्या बाहेर काढून वाळू थुंकतात. गोड्या पाण्यात त्या मरतात. उघडी दिसली तर टिचकी मारा. जिवंत असेल तर हळूहळू मिटते. हलली नाही, किंवा कवच फुटलेलं असलं, तर घेऊ नका. आणि घ्यायच्या त्या खात्रीच्या विक्रेत्याकडूनच, कारण विषारी शेवाळ खाल्लेल्या शिंपलीतलं विष शिजवूनही जात नाही.

आता सारण. अमेरिकेत ऱ्होड आयलंडला हा पदार्थ फार आवडीचा. तिथे क्वाहॉग नावाच्या जाड कवचाच्या मोठ्या शिंपल्या वापरतात आणि सारणात बऱ्याचदा पोर्तुगीज पद्धतीचं तिखट सॉसेज घालतात. सॉसेज नसलं तरी चालतं. कांदा, सेलरी आणि लसूण लोण्यात मऊ होईपर्यंत परता. मोठ्या बारा शिंपल्यांना शिळ्या पावाचे चार-पाच तुकडे पुरतात. ते आधी ओव्हनमध्ये कोरडे करून हाताने चुरा. मिक्सरमध्ये पीठ केलंत तर सारणाचा लगदा होतो. मांस बारीक चिरा, पण दाताखाली कळलं पाहिजे इतपतच. मग गाळलेलं पाणी चमच्याचमच्याने घाला आणि मुठीत दाबून बघा. गोळा धरला पाहिजे, पण बोटांमधून पाणी निघता कामा नये. ओव्हनमध्ये ते आणखी सुकणार आहे, म्हणून तुम्हाला वाटेल त्यापेक्षा किंचित ओलंच ठेवा. मीठ घालू नका, आधी चाखा. मला आजवर एकदाही घालावं लागलेलं नाही. लिंबू आणि पार्सली शेवटी.

कवचात सारण सैल भरा, दाबून बसवलंत तर वीट होते. वर लोण्यात कालवलेला थोडा चुरा. २०० अंश सेल्सिअसला वीस मिनिटं पुरेत. मांस शिजलेलंच आहे. ओव्हनचं काम सारण आतपर्यंत गरम करायचं आणि वरचा थर कुरकुरीत करायचा, इतकंच. कडेला लोणी बुडबुडायला लागलं आणि चुरा बदामी झाला की बाहेर काढा.

आदल्या दिवशी भरून ठेवता येतात, मी पाहुणे असले की तसंच करते. मात्र सारण पूर्ण गार झाल्यावरच भरा आणि झाकून लगेच फ्रिजमध्ये ठेवा. वरचा चुरा तेव्हा घालू नका, रात्रभरात तो मऊ पडतो. दुसऱ्या दिवशी चुरा घालून पाच-सात मिनिटं जास्त बेक करा. थर्मामीटर असेल तर मधोमध ७४ अंश दिसले पाहिजेत. नसेल तर सुरीचं टोक सारणात खुपसून मनगटाला लावा. ते चांगलं गरम लागलं पाहिजे, नुसतं कोमट लागलं तर परत आत ठेवा.