निर्मात्याची वही
वाचकांचे प्रश्न, जाणकारांची उत्तरं

नाटक, चित्रपट आणि मालिकांच्या निर्मितीबद्दल कोल्हापूर परिसरातून बरीच पत्रं आली. त्यातल्या पाच पत्रांना इथे उत्तरं देत आहोत.

मी बी.कॉम. आहे. मार्केट यार्डात गुळाच्या अडत दुकानी हिशेब लिहितो. निर्मितीच्या क्षेत्रात जायची फार इच्छा आहे, पण निर्माता म्हणजे पैसेवाला असंच सगळे सांगतात. बिनपैशाच्या माणसाला यात वाट आहे का?
*– एक वाचक, शाहूपुरी*

आहे, आणि हिशेब लिहिणाऱ्याला तर नक्कीच आहे. पैसे घालतो तो फायनान्सर. निर्माता हक्क मिळवतो, पैसा उभा करतो, माणसं जमवतो, ठरल्या दिवसांत काम पुरं करून घेतो आणि ते विकतो. १ जून १९२९ ला आपल्याच गावात प्रभात फिल्म कंपनी सुरू झाली, तेव्हा शांताराम, दामले, फत्तेलाल आणि धायबर हे चौघे कसबी होते आणि भांडवल सीतारामपंत कुलकर्णी यांचं होतं. भागीदार पाच, पण प्रत्येकाचं काम वेगळं.

सुरुवात प्रॉडक्शन असिस्टंट म्हणून करा. कोल्हापुरात मालिका किंवा चित्रपटाचं युनिट आलं की त्यांना स्थानिक माणूस लागतोच. पहिलं काम बहुतेक वेळा पेटी कॅशचं, म्हणजे रोजच्या हातखर्चाच्या रोकडीचं मिळतं. प्रत्येक खर्चाचं व्हाउचर त्याच दिवशी करा आणि त्यावर तारीख, सीन नंबर, कशासाठी आणि कुणाच्या सांगण्यावरून हे चारही लिहा. ‘किरकोळ’ हा शब्द व्हाउचरवर येऊ देऊ नका. जनरेटर चालू केल्याची आणि बंद केल्याची वेळ लिहून ठेवा, कारण डिझेलच्या बिलावरून शेवटी वाद होतोच. रात्री निघण्याआधी दिवसाचा रिपोर्ट भरा: युनिट किती वाजता हजर झालं, पहिला शॉट कधी लागला, किती सीन झाले, किती राहिले. उद्याची कॉलशीट, म्हणजे कुणी किती वाजता कुठे हजर व्हायचं त्याचा कागद, याच रिपोर्टवरून निघते.

घरबसल्या एक अभ्यास करता येतो. कोणतीही पटकथा घ्या आणि तिचं ब्रेकडाऊन करा, म्हणजे प्रत्येक सीनला काय काय लागेल त्याची यादी. पडद्यावरचं एक मिनिट म्हणजे साधारण एक पान. प्रत्येक पानाचे आठ भाग धरून सीनची लांबी लिहा, मग दिवस की रात्र, आत की बाहेर, पात्रं, कपडे, प्रॉपर्टी (सीनमध्ये लागणाऱ्या वस्तू), गर्दी, गाड्या, जनावरं. त्यानंतर एका ठिकाणचे सगळे सीन एकत्र आणा आणि दिवसाला चार-पाच पानं धरून शेड्यूल मांडा. बहुतेकांची चूक इथेच होते. लांबी पानांवर मोजतात, पण दीड ओळीचं ‘जत्रा भरली आहे’ हे वाक्य अख्खा दिवस खातं हे लक्षात येत नाही.

आमच्या हौशी संस्थेचं नाटक राज्य नाट्य स्पर्धेत चांगलं झालं. आता तिकीट लावून गावोगाव प्रयोग करायचे आहेत. हिशेब कसा मांडायचा?
*– नाट्यसंस्थेचे कार्यकर्ते, गडहिंग्लज*

दोन वह्या करा. एक उभारणीची आणि एक प्रयोगाची. नेपथ्य, कपडेपट, संगीताचं रेकॉर्डिंग, तालमीची जागा आणि सुरुवातीची जाहिरात हा उभारणीचा खर्च. तो एकदाच होतो. प्रयोगाचा खर्च पडदा वर गेला की प्रत्येक वेळी होतो. या दोन्हींची सरमिसळ झाली की हाउसफुल्ल चाललेली संस्थाही कर्जात जाते.

समजा, कलाकारांची नाईट (एका प्रयोगाचं मानधन) २८,०००, बॅकस्टेज-प्रकाश-ध्वनी १३,०००, लेखक-दिग्दर्शकांचं मानधन ५,०००, नाट्यगृहाचं भाडं १२,०००, बस आणि नेपथ्याचा टेम्पो १४,०००, जाहिरात १०,०००, जेवण-चहा-हमाली ६,०००. एकूण ८८,०००. तिकिटाची सरासरी २२० रुपये पडली तर ४०० तिकिटं विकल्यावर प्रयोग फक्त बरोबरीत येतो. ४६० गेली तर हातात १३,२०० राहतात. उभारणीला ८ लाख लागले असतील तर ते फिटायला याच गतीनं ६१ प्रयोग लागतील. आकडे तुमचे वेगळे असतील, पण मांडणी हीच ठेवा आणि ६१ प्रयोगांच्या तारखा कलाकार देणार आहेत का, हे पहिल्या प्रयोगाआधी विचारा. नोकरीवाल्या कलाकारांच्या संस्थेत घोडं इथेच अडतं.

सरासरी काढताना मागच्या रांगांचे दर आणि फुकट पास विसरू नका. पुढच्या रांगेचा दर ३०० आहे म्हणून सरासरी ३०० धरणारे बरेच असतात. ५०० रुपयांपर्यंतच्या नाटकाच्या तिकिटावर जीएसटी नाही, ही जमेची बाजू.

सुरुवातीचे दहा-पंधरा प्रयोग कंत्राटी मिळाले तर घ्या. महाविद्यालय, साखर कारखाना, बँक, गणेश मंडळ ठरावीक रक्कम देऊन प्रयोग घेतात. फायदा कमी, पण बुकिंगची धास्ती नाही. निम्मी रक्कम आगाऊ आणि उरलेली तिसऱ्या घंटेआधी, असं पत्रावर लिहून घ्या. रंगमंचाची रुंदी, विंगेतली जागा आणि विजेचा भारही आधी विचारा. मंडळाच्या मांडवात तुमचं दुमजली नेपथ्य उभं राहणार नसेल तर सुटसुटीत नेपथ्याचा दुसरा संच लागेल.

संहिता रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाकडून मंजूर असावी लागते. नंतर घातलेले संवाद त्या मंजुरीत येत नाहीत. लेखकाकडून व्यावसायिक प्रयोगांची परवानगी नव्यानं लेखी घ्या, स्पर्धेपुरती दिलेली परवानगी इथे चालत नाही. आणि नेपथ्य-कपड्यांचा विमा काढा. ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री केशवराव भोसले नाट्यगृह जळालं. शाहू महाराजांनी उभारलेल्या त्या वास्तूची झळ सगळ्या शहराला लागली. आगीचा धोका कागदावरचा नाही, हे आपल्याला कुणी वेगळं सांगायला नको.

मित्राच्या ओळखीचे एक जण मराठी चित्रपट काढताहेत. २० लाख घाला, सहनिर्माता म्हणून नाव आणि नफ्यात २५ टक्के, असं म्हणतात. घालावेत का? काय तपासावं?
*– ऊस उत्पादक, कागल*

चित्रपटात पैसा घालणं वाईट नाही. बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीला तानीबाई कागलकरांनी भांडवल दिलं नसतं तर कोल्हापूरचा सिनेमा उभा राहिला असता का, हा प्रश्नच आहे. पण ‘नफ्यात २५ टक्के’ या शब्दांना, नफा कसा मोजायचा हे लिहिल्याशिवाय, काही अर्थ नाही.

आधी तिकिटाचं गणित. १५० रुपयांच्या तिकिटातून १८ टक्के जीएसटी वजा जाता राहतात सुमारे १२७. पहिल्या आठवड्यात त्यातले निम्मे चित्रपटगृहाचे. उरले साडेत्रेसष्ट. वितरकाचं कमिशन १० टक्के धरलं तर निर्मात्याकडे येतात ५७ रुपये. चित्रपट १ कोटी २० लाखांत झाला आणि प्रसिद्धी-प्रदर्शनाला ४० लाख गेले तर मुद्दल सुटायला जवळपास २ लाख ८० हजार तिकिटं विकावी लागतात. दुसऱ्या आठवड्यापासून मल्टिप्लेक्समध्ये निर्मात्याचा वाटा आणखी उतरतो, म्हणजे प्रत्यक्षात तिकिटं याहून जास्तच. वाहिनी आणि ओटीटीचे हक्क विकले गेले तर भार हलका होतो. पण ते विकले जाईपर्यंत बजेटमध्ये जमेला धरायचे नाहीत. सरकारी अनुदानाचंही तसंच. ते चित्रपट पुरा होऊन, परीक्षण होऊन, दर्जा ठरल्यावर येतं. शूटिंगच्या डाळ-भाताला ते कामाचं नाही.

आता कागद. पहिला, कथा-पटकथा-संवादाच्या हक्कांचा करार. तोंडी हस्तांतरण कायद्यात चालत नाही. करारात मुदत लिहिली नसेल तर ती पाच वर्षं धरली जाते, प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. आणि घेतलेला हक्क वर्षभरात वापरला नाही, करारात तशी सवलतही नाही, तर तो परत लेखकाकडे जातो. दोन वर्षं पैशांसाठी रखडलेल्या चित्रपटात हा धोका खरा आहे. कादंबरीवरून चित्रपट असेल तर मूळ लेखकाची किंवा वारसांची सही आधी बघा.

दुसरा, बजेट. प्रसिद्धी आणि प्रदर्शनाचा खर्च वेगळा दाखवलेला आहे का आणि तो कुठून येणार? डबिंग, डीआय (रंग-उजेडाचं शेवटचं काम), साउंड मिक्सिंग, सेन्सॉर, डीसीपी (चित्रपटगृहाला द्यायची डिजिटल प्रत) यांच्या ओळी आहेत का? अडचणीसाठी १० टक्के राखीव आहेत का? शूटिंग संपलं आणि पैसेही संपले, अशा अवस्थेत मराठी चित्रपट सर्वांत जास्त अडकतात. म्हणून ‘सत्तर टक्के चित्रपट झाला आहे’ याला भुलू नका. उरलेल्या तीस टक्क्यांची रक्कम कुणी लेखी कबूल केली आहे ते विचारा.

तिसरा, तुमचा करार. पैसे फक्त चित्रपटासाठी उघडलेल्या वेगळ्या बँक खात्यात, टप्प्याटप्प्यानं: करारावर काही, शूटिंग सुरू होताना काही, शूटिंग पुरं झाल्यावर काही, पुऱ्या झालेल्या चित्रपटाची पहिली प्रत हातात आल्यावर उरलेले. वसुलीचा क्रम लिहून घ्या. आधी प्रसिद्धीचा खर्च, मग सगळ्या गुंतवणूकदारांचं मुद्दल प्रमाणात, मग नफा. निर्मात्याचं स्वतःचं मानधन या क्रमात कुठे बसतं तेही लिहा. हिशेब दर तीन महिन्यांनी आणि वह्या तपासण्याचा अधिकार हवा. सर्वांत महत्त्वाचं: कॉपीराइटमध्ये तुमचा हिस्सा आहे की फक्त कमाईत? चित्रपटाचे हक्क ६० वर्षं चालतात, त्यामुळे पडद्यावरच्या नावापेक्षा ही ओळ मोलाची आहे.

हे कागद मागितल्यावर समोरचा माणूस चिडला तर पैसे घालू नका. आणि २० लाख उसाच्या बिलातून किंवा जमीन तारण ठेवून येणार असतील तर कागद चोख असले तरी घालू नका.

चित्रपटात पन्हाळ्यावरचं एक गाणं, उसाच्या फडातले प्रसंग आणि बैलगाडी आहे. परवानग्या कोणत्या, वेळापत्रक कसं लावावं?
*– तरुण निर्माते, करवीर तालुका*

पन्हाळा भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या संरक्षणात आहे, आणि २०२५ पासून मराठा लष्करी स्थापत्याचा भाग म्हणून जागतिक वारशाच्या यादीतही आहे. अर्ज बराच आधी द्या. त्यात युनिटची संख्या, सामान, तारखा आणि नेमके बुरूज लिहा. ड्रोनची परवानगी वेगळी. ग्रामपंचायत किंवा नगर परिषदेनं हो म्हटलं म्हणजे पुरातत्त्व खात्यानं म्हटलं असं होत नाही.

बैलांसाठी शूटिंगच्या आधीच भारतीय जीवजंतू कल्याण मंडळाकडे अर्ज करायचा. मालकाचं संमतिपत्र आणि पशुवैद्यकाचा आरोग्य दाखला सोबत लागतो. मंडळाचं ना-हरकत पत्र नसेल तर सेन्सॉर ते प्रसंग अडवतं आणि मग कथेचा कणाच कापावा लागतो. फडात कुणी तंबाखू मळताना दिसणार असेल तर त्या वेळी पडद्यावर इशारा येतो, शिवाय सुरुवातीला आणि मध्यंतरानंतर आरोग्य संदेश दाखवावा लागतो. फ्रेम लावताना खालची जागा त्या हिशेबानं मोकळी ठेवा.

फडाचं वेळापत्रक कारखान्याच्या हातात असतं. तोड दिवाळीच्या सुमारास सुरू होते आणि ऊसतोडीची टोळी आली की फड एका दिवसात मोकळा होतो. कंटिन्यूइटीसाठी, म्हणजे एका शॉटमधला फड पुढच्या शॉटमध्ये तसाच दिसावा म्हणून, फडातले सगळे प्रसंग सलग घ्या, शेतकऱ्याकडून तोडीचा नंबर कधी आहे ते समजून घ्या, आणि पॅचवर्कसाठी (राहिलेले तुटक शॉट नंतर घेण्यासाठी) चार-पाच गुंठे उभा ऊस ठेवण्याचे वेगळे पैसे ठरवा. जुलै-ऑगस्टमध्ये पंचगंगेच्या काठावरचं काहीच पक्कं धरू नका. त्या दिवसांत मोरेवाडीच्या चित्रनगरीतले किंवा वाड्यातले आतले सीन हाताशी ठेवा.

मालिकेची निर्मिती चित्रपटापेक्षा सुरक्षित असते ना? आणि चित्रपटाचं नाव राखून कसं ठेवायचं?
*– एक वाचक, राजारामपुरी*

मालिकेत वाहिनी एपिसोडमागे दर देते, त्यामुळे तिकीटबारीची चिंता नाही. पण हक्क बहुतेक वेळा वाहिनीचे होतात, आणि पैसे प्रक्षेपणानंतर अनेकदा ९० दिवसांनी येतात. एपिसोडला २ लाख खर्च आणि महिन्याला २६ एपिसोड धरले तर महिन्याचे ५२ लाख, तीन महिन्यांचे १ कोटी ५६ लाख तुम्हाला आधी घालावे लागतील. चांगली चाललेली मालिकाही या फटीत निर्मात्याला बुडवू शकते. म्हणून आधी दुसऱ्याच्या संस्थेत एक्झिक्युटिव्ह प्रोड्यूसर म्हणून काम करा. प्रक्षेपणाच्या पुढे किती एपिसोड तयार शिल्लक आहेत आणि कलाकार आजारी पडला तर कथा कुठे वळवायची, हे रोज सांभाळून अंगवळणी पडतं.

नावासाठी अखिल भारतीय मराठी चित्रपट महामंडळाकडे आधी बॅनर (निर्मितीसंस्थेचं नाव) आणि मग शीर्षक नोंदवायचं. महामंडळाचं मुख्य कार्यालय कोल्हापुरातच आहे. ही नोंदणी म्हणजे कॉपीराइट नव्हे, नुसत्या नावावर कॉपीराइट मिळत नाही. नोंदणीच्या नूतनीकरणाची तारीख वहीत पहिल्या पानावर लिहा, आणि पोस्टरवर नाव छापण्याआधी पत्र हातात असू द्या.