जीएसटी नंबर हरवलाय? आधी पॅन हाताशी घ्या

प्रश्न (चिपळूण): २०२१च्या पुरात दुकानातले सगळे कागद गेले, जीएसटीचं सर्टिफिकेटही. हिशेब सल्लागार बघायचे, ते आता नाहीत. नवा डिस्ट्रिब्यूटर नंबर मागतोय. पोलिसांत तक्रार द्यावी लागेल का?

तक्रार नको. आणि ‘डुप्लिकेट काढून देतो’ म्हणणाऱ्याला एक रुपयाही देऊ नका. नंबरातली १५पैकी १२ अक्षरं तुमच्याकडे आहेतच: सुरुवातीला २७ हा महाराष्ट्राचा कोड, पुढे तुमचा दहा अक्षरी पॅन. तेरावं अक्षर या राज्यात त्या पॅनवरची ती कितवी नोंदणी ते सांगतं, चौदावं साधारणपणे झेड असतं. शेवटचं अक्षर पडताळणीचं. ते अंदाजाने लिहू नका, बिल चुकेल.

जीएसटी पोर्टलवर ‘सर्च टॅक्सपेअर’मध्ये पॅनवरून शोधा. लॉगिन लागत नाही. दुकान एकट्याचं असेल तर पॅन तुमचाच. भागीदारी असेल तर फर्मचा पॅन घाला, त्याचं चौथं अक्षर एफ असतं. पॅनकार्डही वाहून गेलं असेल, तर पॅन आयकराच्या जुन्या विवरणपत्रावर मिळेल.

नंबर मिळाला की लगेच डिस्ट्रिब्यूटरला कळवू नका. त्यावर क्लिक करून ‘स्टेटस’ बघा. सल्लागार गेल्यापासून जीएसटीची विवरणपत्रं कोणी भरली? सलग सहा महिने ती राहिली तर अधिकारी नोंदणी रद्द करू शकतो. रद्दचा आदेश मिळाल्यापासून ९० दिवसांत थकलेली विवरणपत्रं कर, व्याज आणि लेट फीसकट भरून नोंदणी पुन्हा सुरू करण्याचा अर्ज करता येतो. त्यापुढे आणखी १८० दिवसांपर्यंतची मुदत वरिष्ठांच्या हातात. तीही टळली, तर मात्र नव्याने नोंदणी.

सर्टिफिकेट लॉगिन केल्यावर फुकट डाउनलोड होतं. ते दुकानात लावणं आणि पाटीवर नंबर लिहिणं नियमानेच बंधनकारक आहे. लावताना पुराच्या खुणेच्या वर लावा.

प्रश्न (मालवण): होमस्टेचा नंबर माहीत आहे, पण ओटीपी कोल्हापूरच्या सल्लागाराच्या मोबाइलवर जातो. तो फोन उचलत नाही.

कोकणात हे घरोघरी आहे. ‘साहेब, तुम्हीच बघा’ म्हणत लोक मोबाइल, ईमेल, पासवर्ड सगळं सल्लागाराच्या हवाली करतात. ‘सर्च टॅक्सपेअर’मध्येच तुमचं अधिकारक्षेत्र, केंद्राचं किंवा राज्याचं, दिसेल. त्या कार्यालयात ओळखपत्र आणि व्यवसायाचे कागद घेऊन स्वतः जा. तुम्हीच मालक असल्याची खात्री पटली की अधिकारी तुमचा मोबाइल आणि ईमेल नोंदवतो. युजरनेम आणि तात्पुरता पासवर्ड ईमेलवर येतो. सल्लागार बदला किंवा बदलू नका, ओटीपी मात्र स्वतःच्याच फोनवर घ्या.

प्रश्न (देवगड): बाबांचा आंबा पल्पचा धंदा होता. ते वारले, त्यांचं सिमही बंद झालं. त्यांचा नंबर मिळवून मी धंदा चालू ठेवू शकतो का?

नंबर मिळेल, पण चालवता येणार नाही. त्याच्या पोटात बाबांचा पॅन आहे, तो तुमचा होणार नाही. बिलं मात्र त्याच नंबरावर फाडू नका. तुमच्या पॅनवर नवी नोंदणी घ्या, अर्ज वारसाहक्क आल्यापासून ३० दिवसांत करा.

क्रम चुकला तर पैसे अडकतात. आधी तुमची नोंदणी. मग बाबांच्या खात्यावर शिल्लक असलेलं इनपुट क्रेडिट, म्हणजे खरेदीवर भरलेल्या कराची वजावट, आयटीसी-०२ अर्जाने तुमच्याकडे वळवा. त्याला सीएचा दाखला लागतो. बाबांची नोंदणी रद्द करण्याचा अर्ज त्यानंतर. घाईत आधी रद्द करू नका. त्यांच्या खात्याचं लॉगिन मिळण्यासाठी मृत्यूचा आणि वारसाचा दाखला घेऊन अधिकाऱ्याकडे जा. एक कटू गोष्ट आत्ताच सांगतो: धंदा पुढे चालवणाऱ्या वारसावर बाबांचा थकलेला करही येतो. आधी ते खातं तपासा.

प्रश्न (वेंगुर्ला, बचतगट): कोकमच्या पाकिटावरचा १४ आकडी नंबर दिला, तर व्यापारी म्हणतो हा जीएसटी नाही.

बरोबर म्हणतो. तो अन्नपरवान्याचा नंबर आहे.

प्रश्न (गुहागर): जुन्या बिलबुकावर २७ने सुरू होऊन व्हीने संपणारा नंबर आहे. तो चालेल का?

तो टिन, म्हणजे जीएसटीआधीच्या व्हॅट कराचा नोंदणी क्रमांक. किराणा, कापड, हार्डवेअरला १ जुलै २०१७पासून त्याचा उपयोग संपला. पेट्रोल-डिझेल आणि दारूवर अजून व्हॅट आहे, पण तुम्ही यातलं काही विकत असल्याचं लिहिलेलं नाही.