चर खणले, झाडं पिवळी पडली

प्रश्न : ताई, नमस्कार. माझी उताराची थोडी जमीन आहे. पर्माकल्चरचे, म्हणजे निसर्गाच्या चालीनं शेती आखण्याच्या पद्धतीचे, व्हिडिओ पाहून समतल रेषेवर चर, म्हणजे स्वेल, खणले. निघालेली माती खालच्या अंगाला वरंब्यासारखी रचली आणि चराच्या तळात फळझाडं लावली, म्हणजे पाणी थेट मुळाशी जाईल. पाऊस झाला की चर चार-पाच दिवस भरलेलेच राहतात. पानं पिवळी पडली, काही रोपं मेलीसुद्धा. खत कमी पडतंय का?

उत्तर : खताला हात लावू नका. तुमची झाडं उपाशी नाहीत, गुदमरली आहेत.

चांगल्या मातीत जवळजवळ निम्मी जागा पोकळ्यांची असते. वाफशाच्या वेळी या पोकळ्यांत थोडी हवा, थोडं पाणी असतं आणि मुळं त्या हवेवर श्वास घेतात. पोकळ्या पाण्यानं गच्च भरल्या की प्राणवायूचा आत झिरपण्याचा वेग हवेतल्यापेक्षा सुमारे 10,000 पटींनी कमी होतो. मग बारीक पांढरी मुळं सडायला लागतात. त्यात भर म्हणजे, प्राणवायू संपला की काही जिवाणू मातीतल्या नायट्रेटवर भागवतात आणि त्यातलं नत्र वायू होऊन उडून जातं. पिवळेपणा आला तो असा. वरून खत टाकलंत तर ते उचलायला मुळंच शिल्लक नाहीत.

तळात लागवड करण्याचा घोटाळा फार जण करतात, कारण व्हिडिओ चर भरतो त्या दिवशी संपतो. पाचव्या दिवशी कॅमेरा घेऊन कोणी परत जात नाही. झाडाची जागा वरंब्यावर किंवा वरंब्याच्या उतरत्या अंगाला. तिथली माती मोकळी असते आणि चरातलं पाणी बाजूनं झिरपत खालून ओल देतं. रोपं अजून लहान असतील तर चर कोरडे पडल्यावर मुळाभोवतीच्या मातीच्या गड्ड्यासकट उचलून वर न्या.

पण त्याआधी दोन गोष्टी तपासा. खरं तर या पहिली कुदळ मारण्याआधीच करायच्या असतात.

पहिली, निचरा. चराबाहेर हातभर खोल खड्डा घ्या, पाण्यानं भरा, ते पूर्ण जिरू द्या. लगेच पुन्हा भरा आणि या दुसऱ्या वेळी पातळी तासाला किती उतरते ते पट्टीनं मोजा. तासाला सेंटिमीटरभरही उतरली नाही, तर तुमच्या जमिनीला पाणी अडवणारा चर नको, पाणी हळूहळू वाहून नेणारा हवा. आहे त्याच चराच्या तळाला शंभर मीटरला वीस-तीस सेंटिमीटर इतकाच ढाळ द्या.

दुसरी, ढेकूळ. पूर्ण वाळलेलं सुपारीएवढं ढेकूळ काचेच्या ग्लासातल्या पावसाच्या पाण्यात अलगद सोडा. ते टिकून राहिलं तर उत्तम. पाहता पाहता ढासळून तळाशी बसलं, पण पाणी बऱ्यापैकी नितळ राहिलं, तर सेंद्रिय पदार्थ कमी आहेत. आच्छादन आणि जिवंत मुळं यांनी ते सुधारतं. मात्र ढेकळाभोवती दुधासारखा ढग पसरला आणि दुसऱ्या दिवशीही गढूळपणा तसाच राहिला, तर मातीत सोडियम जास्त असण्याची शक्यता आहे. अशा चोपण मातीत साचलेलं पाणी वरंब्याच्या पोटातून बिळं पाडतं आणि एके दिवशी वरंबा बसतो. तिथे आणखी खणू नका. प्रयोगशाळेतून माती तपासून घ्या, जिप्सम घालायचं की नाही ते त्यावरून ठरेल.

सांडव्याबद्दल, म्हणजे चरातलं जादा पाणी बाहेर पडण्याच्या वाटेबद्दल, तुम्ही काहीच लिहिलं नाही, म्हणून तो केलेला नसावा असं धरते. सांडवा वरंब्याच्या माथ्यापेक्षा वीतभर खाली हवा, आणि भरावाच्या मातीत नको, न हलवलेल्या घट्ट जमिनीवर हवा. त्यावर गवत लावा. माथा कुठे बसलाय हे पाहायला तीन काठ्यांची इंग्रजी A च्या आकाराची ए-फ्रेम आणि तिच्या टोकाला टांगलेली, दगड बांधलेली दोरी पुरते. एका जागी आडव्या काठीवर दोरी येते तिथे खूण करा, पाय उलटसुलट करून त्याच दोन बिंदूंवर दुसरी खूण करा. दोरी दोन्ही खुणांच्या मधोमध आली की दोन्ही पाय समतल रेघेवर आहेत. सांडवा नसेल, तर माथ्याच्या सगळ्यात खोलगट जागी पाणी तो स्वतः पाडतं.

आणि स्वेल म्हणजेच पर्माकल्चर, असं कुठेही नाही. 1970च्या दशकात टास्मानियात बिल मॉलिसन आणि डेव्हिड होल्मग्रेन यांनी ही मांडणी उभी केली. होल्मग्रेन यांनी पुढे सांगितलेल्या 12 तत्त्वांत पहिलं आहे ते निरीक्षणाचं. खोदकामाचं तत्त्व त्यात एकही नाही. त्याही आधी, 1950च्या दशकात, न्यू साउथ वेल्समध्ये पी. ए. योमन्स माती न उलटवणाऱ्या नांगरानं खोल चिरा पाडून ओहळाकडचं पाणी कोरड्या उंचवट्याकडे वळवत होते. जमीन वेगळी की उपायही वेगळा.

प्रश्न : भाजीच्या वाफ्यात लाकडाचा भुसा मिसळला, तेव्हापासून रोपं वाढतच नाहीत. भुसा वाईट का?

उत्तर : भुसा वाईट नाही, मिसळणं वाईट. त्यात नत्राच्या एका भागामागे कर्बाचे सहज 400 भाग असतात. सूक्ष्मजीवांना 24च्या आसपास हवे असतात. कमी पडलेलं नत्र ते मातीतून ओढून घेतात आणि रोपं मागे पडतात. पृष्ठभागावर पसरला असतात तर ही ओढाताण वरच्या पातळ थरापुरती राहिली असती. आता पातळ केलेली शेणस्लरी किंवा दहापट पाण्यात मिसळलेलं गोमूत्र थोडं थोडं देत राहा आणि या हंगामात तिथे चवळीवर्गीय पीक घ्या. शेंगवर्गीय पिकं आपलं बरंचसं नत्र मुळांवरच्या गाठींतून मिळवतात.

प्रश्न : गांडुळं विकत आणून शेतात सोडू का?

उत्तर : नको. खताच्या ढिगासाठी विकली जाणारी आयसेनिया फेटिडा ही जात कुजणाऱ्या ढिगात राहते, उघड्या शेतात टिकत नाही. तेवढ्याच पैशांत पालापाचोळा आणा.