ब्लूबेरी निळी झाली तरी आंबटच का?

प्रश्न: आमच्याकडे थंडी भरपूर असते म्हणून बागेत ब्लूबेरीची दोन झाडं लावलीत. यंदा फळं छान धरली पण निळी झाली म्हणून तोडली तर भयंकर आंबट, चार दिवस घरात ठेवून बघितली तरी तशीच! शिवाय एका झाडाची पानं पिवळी पडतायत, खत वाढवू का?

उत्तर: खत अजिबात वाढवू नका आणि तोडायची घाईही करू नका. ब्लूबेरीला रंग आधी येतो, गोडी मागून येते, त्यामुळे पूर्ण निळी दिसल्यावरही आणखी आठवडाभर झाडावरच राहू द्या. काही फळं तोडून ठेवली की घरात पिकतात तसं हिचं नाही, तोडल्यावर ती मऊ पडेल पण गोड होणार नाही. फळ जरा वळवून देठाकडची बाजू बघा, तिथे लालसर कडं दिसलं तर अजून वेळ आहे. पिकलेलं फळ अंगठ्याने नुसतं लोटलं की तळहातावर येतं, ओढावं लागलं तर सोडून द्या. एका घोसातली सगळी एकदम पिकत नाहीत, म्हणून दर चार-पाच दिवसांनी फेरी मारायची. वरची पांढरट पावडर पुसू नका हं, ते फळाचं स्वतःचं मेण असतं, त्याने फळ टिकतं, धुवायचं ते खायच्या वेळी. पक्ष्यांसाठी जाळी लावाल तर ताणून बांधा, सैल जाळीत बिचारे अडकतात.

आता पानं. शिरा हिरव्या आणि मधला भाग पिवळा असेल तर बहुतेक मातीचा पीएच (आम्लता मोजायचं माप, आकडा जितका कमी तितकी माती आम्ल) जास्त आहे. ब्लूबेरीला आम्ल माती लागते, पीएच साधारण 4.5 ते 5.5, त्याच्यावर गेला की मातीत लोह असूनही झाडाला घेता येत नाही. आधी माती तपासा, मग गरजेपुरतं गंधक मिसळा, पण परिणाम दिसायला महिने लागतात तेव्हा दर आठवड्याला टाकत बसू नका. चुना आणि राख लांबच ठेवा, नळाचं पाणी क्षाराचं असेल तर पावसाचं साठवून घाला. मुळं अगदी वरवर आणि केसासारखी बारीक असतात, त्यामुळे बुंध्याशी खुरपं नको, तण हाताने उपटा आणि पाइनच्या सुया किंवा लाकडाच्या ढलप्यांचा 5 ते 10 सेंटीमीटर थर द्या, फक्त खोडाला चिकटवू नका.

आणि दोन्ही झाडं एकाच जातीची असतील तर त्याच सुमारास फुलणारी दुसऱ्या जातीची एक जवळ लावा, फळं मोठी होतात.