समझोता झाला, तारखा थांबेनात

प्रश्न : 2019मध्ये मी सासरच्यांवर 498-अ (विवाहितेच्या छळाचं कलम) लावलं. आता संमतीने घटस्फोट झाला, दागिनेही मिळाले. तरी सासूबाई काठी टेकत साताऱ्याच्या कोर्टात तारखेला येतात. बघवत नाही. केस कशी मागे घेऊ?

उत्तर : ताई, हा गुन्हा तडजोडीने खालच्या कोर्टात मिटत नाही. उच्च न्यायालय मात्र एफआयआर रद्द करू शकतं. सर्वोच्च न्यायालयाने 2003च्या बी. एस. जोशी खटल्यात ते मान्य केलंय. साताऱ्यासाठी ऑगस्ट 2025पासून कोल्हापूरला उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच (खंडपीठ) आहे, मुंबई गाठायला नको. याचिका सासरच्यांनी करायची, तुम्ही संमतीचं प्रतिज्ञापत्र द्यायचं. त्यातली ओळ न् ओळ वाचूनच सही करा. दबाव नाही ना, हे न्यायमूर्ती विचारतील. सासूबाईंसाठी तारखेला गैरहजर राहण्याच्या परवानगीचा अर्ज वकिलांना आजच द्यायला सांगा.